यंत्राचे पाय

मुलांनो, समजा तुम्ही नऊ वर्षांचे आहात (असालच, तर तेवढे कष्ट वाचले) आणि सूतगिरणीत कामाला आहात. आता एक सत्य ध्यानात धरा: मूल घाईघाईनं वाढतं, कायदा मात्र साधकबाधक विचार करून वाढतो.

या गिरणीत सगळे जिला चिमणी म्हणत, ती मुलगी चालू यंत्राखाली सरपटत जाऊन सांडलेला कापूस झाडायची. यंत्र थांबवलं तर सुताचं नुकसान होतं, म्हणून ते थांबवत नसत. तिच्या ताईची दोन बोटं त्याच यंत्रात गेली, तेव्हा सरकारला खडबडून जाग आली आणि पहिला कायदा झाला: यंत्रात बोटं घालून पट्टा खराब करणाऱ्यावर कारवाई व्हावी. (सुरुवात कुठून तरी करावीच लागते.)

दुसऱ्या कायद्यानं मूल म्हणजे काय ते ठरवलं. रिळापर्यंत पोचायला ज्याला स्टूल लागतं ते मूल. त्याला कामावर ठेवू नये. मालक कायदा पाळणारा माणूस. त्यानं रातोरात यंत्रांचे पाय कापून घेतले. सकाळी गिरणीत औषधालाही मूल सापडेना. होती ती सगळी बुटकी मोठी माणसं. यंत्राखालची जागा तेवढी वीतभर कमी झाली.

तिसऱ्या कायद्यासाठी समिती जातीनं पाहणीला आली. अध्यक्ष इतके हळवे, की दारातच त्यांनी डोळे पुसून घेतले.

"काय हवं तुला, बाळ? खेळणं? खाऊ?"

"मी खाली असताना यंत्र बंद ठेवायला सांगा ना, आजोबा."

"हिला कशाला बंद हवंय?" मालक हसला. "चिमणीच ती! नखभर जागा पुरते."

अध्यक्ष गहिवरले. पण यंत्र उद्योग खात्याचं, पोर कल्याण खात्याची, आणि दोन्ही खात्यांची अजून ओळख व्हायची होती. "तोवर जरा अंग चोरून काम कर हं," ते म्हणाले.

चिमणीनं ताईच्या हाताकडे पाहिलं. मग भिंतीवरचा मोठा खटका दोन्ही हातांनी खाली ओढला. गिरणी चिडीचूप झाली.

बावीस बैठकांत न झालेलं समितीचं एकमत एका दमात झालं: यंत्रं ताबडतोब सुरू व्हावीत, लोक सदऱ्यांसाठी खोळंबले आहेत. (लोक म्हणजे कोण, ते ज्यानं त्यानं आपल्या अंगावर पाहून ठरवावं.)

चिमणीनं मग काय केलं? तिनं झाडू अध्यक्षांच्या हातात दिला, खटक्यावर हात ठेवला आणि म्हणाली,

"करते सुरू. आधी तुम्ही खाली शिरा."