नाय म्हणायचं नाय

अमृतानं बँकेतली नोकरी सोडून शहागंजात एका दुकानावरचा हॉल भाड्यानं घेतला, तो विनोद शिकवायला. विनोदही कसला, तर संहिता नाही, पाठांतर नाही. उभं राहायचं आणि आयत्या वेळी सुचेल ते बोलायचं. पहिल्याच वर्गाला कुणी आलं नाही तर घरी तोंड कसं दाखवायचं, या काळजीत ती खुर्च्या मांडत होती. एवढ्यात दोन फेटेवाले भांडतच जिना चढून आत आले.

"आमची पोरगी काय रस्त्यावर पडलीय का?" एक गरजला.

"अन् आमचा पोरगा काय पायी येईल का? वरात घोड्यावरच निघंल!" दुसरा.

अमृता हरखली. नाव नाही, ओळख नाही, थेट प्रवेशच सुरू! असे विद्यार्थी पुण्यातसुद्धा मिळाले नसते.

"बाई, तुमाला सारजाबाईनं पाठवलं का?" पहिल्यानं विचारलं.

समोरच्यानं मांडलेलं नाकारायचं नाही, हा तिच्या विद्येचा पहिला नियम. "हो, आणि तुमचं भांडण मिटवायलाच पाठवलंय!" ती टाळी वाजवून म्हणाली.

सारजाबाई लग्नं जुळवायच्या. त्यांनी दौलताबादच्या कडुबांना, म्हणजे मुलीच्या वडलांना, आणि देवगाव रंगारीच्या बद्रीनाथांना, म्हणजे मुलाच्या वडलांना, शेजारच्या दुकानावर बोलावलं होतं. घोड्याचा खर्च कुणी करायचा, या भांडणाच्या भरात दोघं भलताच जिना चढले होते. हे अमृताला कुठून ठाऊक असणार? तिनं दोघांची नावं तेवढी विचारून घेतली.

"आता अदलाबदल. कडुबा, तुम्ही मुलाचे बाप. बद्रीनाथ, तुम्ही मुलीचे."

सारजाबाईंचं माणूस म्हटल्यावर ऐकणं भाग होतं. कडुबांनी मिशीला पीळ दिला. "आमाला घोडा पायजे!"

"जावई पायी आला तर झिजतो का?" बद्रीनाथ बोलून गेले आणि स्वतःच दचकले.

"झकास! आता नाही म्हणायचं नाही. 'हो, आणि' म्हणून पुढं वाढवायचं."

"घोडा पायजे," कडुबा.

"व्हय, आन् दोन आणू."

"व्हय, आन् म्होरं बँड."

"व्हय, आन् बँडच्या म्होरं उंट!"

दोघं हसत एकमेकांच्या गळ्यात पडले, तोच सारजाबाई धापा टाकत आल्या. "अवो, मी तिकडं वाट बगायले, आन् टाळ्या हितून ऐकू यायल्या! ही कोण?"

"मी... विनोद शिकवते," अमृता पुटपुटली. सगळा घोटाळा आता तिच्या ध्यानात आला.

"म्हंजी ह्ये समदं खोटं?" कडुबा खाली बसले. जमत आलेलं लग्न पुन्हा हातचं चाललं.

बद्रीनाथ त्यांच्या शेजारी टेकले. "पावणं, मी तुमच्या वतीनं उंट कबूल केलाय. तेवढा तर खरा ना?"

"तोंड तुमचं, म्हून उंट तुमचा," कडुबा म्हणाले. "घोडा माझा."

"चालतंय!"

उंटावर झूल लाल टाकायची की पिवळी, यावर वाद घालत दोघं व्याही जिना उतरले. तेवढ्यात अमृताचा फोन वाजला. मोनिका नावाच्या विद्यार्थिनीचा मेसेज होता: 'मॅडम, आम्ही सगळे दारापर्यंत आलो होतो. आतलं भांडण बघून परत गेलो. एवढं खरं आम्हाला नाही जमणार.'

अमृता मटकन खुर्चीत बसली. सारजाबाईंनी तिला नीट न्याहाळलं.

"पोरी, रविवारी मोकळी हाय का? एका नवराबायकोचं मिटवायचंय."

अमृतानं रिकाम्या हॉलभर नजर फिरवली. "आहे की."

"मंग ये. फकस्त टाळी जरा हळू वाजव. नवऱ्याला बीपी हाय."