सव्वाआठ फरश्यांचं घर

गृहकर्ज कसं घ्यावं, हे अख्ख्या गावात फक्त आपल्याला कळलंय, असं मिस्त्रीचं ठाम मत होतं.

फरश्या बसवणं हा त्याचा धंदा. दुसऱ्याच्या घरात गुडघ्यांवर बसून पाणसळ लावता लावता तो घरमालकाला हमखास विचारायचा, "साहेब, हप्ता किती बसतो?" मालकाने आकडा सांगितला की मिस्त्री थापी खाली ठेवायचा आणि त्या घरात काही वाईट घडल्यासारखी मान हलवायचा.

"फसवलं तुम्हाला! माझा हप्ता बघा. चांगलं पंचवीस वर्षांचं कर्ज घेतलंय. वर्षं जास्त, हप्ता कमी! बँकवाला पंधरा वर्षांचं घ्या म्हणून मागे लागला होता. म्हटलं, शहाणपणा दुसऱ्या कुणाला शिकवा!"

तर मंडळी, असा हा हुशार माणूस. पण सासऱ्यांपुढे त्याची डाळ शिजत नव्हती.

सासरे म्हणजे निवृत्त वजनकाटे तपासनीस. सगळी नोकरी दुकानदारांची मापं पारखण्यात गेली, त्यामुळे कुणाचं किती आणि आपलं किती, याबाबतीत माणूस भलताच काटेकोर. जावयाच्या घरात बिऱ्हाड करायचं नाही, हा त्यांचा नियम. पाहुणा म्हणून आठ दिवस यायचं, बस्स. "नवव्या दिवसापासून पाहुण्याचं वजन वाढतं," असं ते म्हणायचे आणि आठव्या दिवशी संध्याकाळी पिशवी भरायचे. सासूबाई गेल्यापासून तीन वर्षं ते एका भाड्याच्या खोलीत एकटेच राहत होते.

दोन महिन्यांपूर्वी दिवा बदलताना ते स्टुलावरून घसरले आणि दूधवाला येईपर्यंत जमिनीवर तसेच पडून राहिले. हाड मोडलं नाही, पण तेव्हापासून मिस्त्रीच्या बायकोचं कशात लक्ष लागेना. ती चष्म्याच्या दुकानात कामाला होती. तिथे तिने एका आजोबांना भलत्याच आजींचा चष्मा लावून घरी पाठवलं. घरी आली की भिंतीकडे बघत बसायची.

"ते तिथे पुन्हा पडले आणि आपल्याला कळलंच नाही तर?" ती म्हणायची. काहीही करून बाबांना इथे कायमचं आणायचं, एवढं एकच त्या घरात दोघांच्या मनात होतं.

बाबा रविवारी आठ दिवसांसाठी येणार होते. मिस्त्रीने बेत आखला.

"तू बघच! बाबांना हिशोबी माणूस आवडतो. मी बँकेतून विचारूनच येतो, चार वर्षांत आपण किती घर फेडलं ते. गेलाबाजार पाव घर तरी फिटलं असेल! आपला जावई असा भक्कम आहे म्हटल्यावर ते कशाला जातायत?"

"त्याचा आणि त्यांच्या राहण्याचा काय संबंध?"

"तुला नाही कळायचं," मिस्त्री म्हणाला आणि इस्त्रीचा शर्ट घालून शनिवारी सकाळी बँकेत गेला.

काउंटरवरच्या बाईंनी संगणकात बघितलं. "साडेपाच टक्के फिटलंय," त्या म्हणाल्या.

"बाकीचं?"

"बाकीचं कर्ज अजून आहे."

"तसं नाही हो! मी भरलेले बाकीचे पैसे कुठेयत? चार वर्षांत एक हप्ता चुकवला नाही मी!"

"ते व्याजात गेले. सुरुवातीला तुमच्या हप्त्यातल्या शंभरापैकी अठ्ठ्याऐंशी नुसते व्याजालाच जात होते. उरलेल्या बारातून कर्ज फिटणार. हळूहळू बदलतं ते, पण फार हळूहळू."

मिस्त्रीच्या तोंडचं पाणी पळालं. "आणि पंचवीस वर्षांत सगळे मिळून किती भरणार मी?"

"घेतलंत त्याच्या जवळजवळ अडीचपट."

"म्हणजे अडीच घरांचे पैसे?"

"असं म्हणा हवं तर."

"पण मला एकच मिळालंय!" मिस्त्री इतक्या जोरात ओरडला की दारावरचा रखवालदार आत आला.

बाई स्वभावाने चांगल्या होत्या. त्यांनी पाणी दिलं. "पंधरा वर्षांचं घेतलं असतंत, तर हप्ता थोडा जड गेला असता, पण पावणेदोन पटीत सुटला असतात. तुम्हाला तेव्हा कुणी सांगितलं नाही का?"

"सांगितलं होतं," मिस्त्री ग्लासात बघत पुटपुटला.

घरी आला तो थेट जमिनीवर बसला. टक्क्यांत त्याचं डोकं चालत नसे, पण फरश्यांत विचार करायला लागला की त्याला कुणी हरवू शकत नसे. स्वतःच्या घरातली प्रत्येक फरशी त्याने स्वतः बसवली होती. एकूण दीडशे. दीडशेचे साडेपाच टक्के म्हणजे सव्वाआठ.

बाथरूममध्ये बरोबर आठ फरश्या होत्या. उरली पाव फरशी, ती दाराबाहेर. तिच्यावर पायपुसणं होतं.

चार वर्षं! चार वर्षं घाम गाळून एक बाथरूम आणि एक पायपुसणं! मिस्त्रीने कामाच्या पिशवीतून लाल चिकटपट्टी काढली आणि आपली हद्द आखून टाकली. पायपुसण्यापाशी पाव फरशीचा चौकोन त्याने मापून, काटकोनात आखला. दुःख झालं म्हणून वेडंवाकडं काम करणाऱ्यांतला तो नव्हता.

दुपारी बायको दुकानातून परत आली. हात भरलेले म्हणून तिने दार पायानेच ढकललं, ते उघडंच राहिलं. बघते तर नवरा बाथरूममध्ये, उलट्या बादलीवर बसलेला, मांडीवर ताट घेऊन जेवतोय!

"अगं बाई! काय झालं? बाहेर या आधी!"

"तू उभी आहेस ना, ते बँकेचं आहे," मिस्त्री घास चिवडत म्हणाला. "आपलं इथवरच. मी आपल्या घरात जेवतोय."

तिने पिशव्या खाली ठेवल्या आणि सगळं ऐकून घेतलं. आधी तिला हसू फुटलं. मग नवऱ्याचा चेहरा बघून ते विरलं. ती पट्टीच्या अलीकडे, बँकेच्या फरशीवर फतकल मारून बसली आणि हात लांबवून तिने त्याचा गुडघा थोपटला.

"तुम्ही हप्ता कमी, हप्ता कमी म्हणून गावभर सांगत होतात, तेव्हा मीही मान डोलावत होतेच की. वेडे ठरलो तर दोघंही ठरलो."

"बाबांना काय तोंड दाखवू मी?" मिस्त्री आमटीत बोटं फिरवत म्हणाला. "ते येऊ देत, मी इथून बाहेरच पडत नाही! इथेच जेवेन, इथेच झोपेन!"

आणि मंडळी, नेमक्या याच वेळी उघड्या दारात बाबा उभे होते.

रविवारी बसला गर्दी असते म्हणून ते एक दिवस आधीच निघाले होते. त्यांनी पाहिलं काय? घरात लाल पट्टीची हद्द आखलेली. हद्दीच्या एका बाजूला लेक. दुसऱ्या बाजूला, बाथरूममध्ये, बादलीवर ताट घेऊन बसलेला जावई. आणि तो रडवेल्या आवाजात म्हणतोय की बाबा आले तर मी इथेच झोपेन!

एका क्षणात त्यांनी सगळा निवाडा करून टाकला. आपल्याला जागा करून द्यायला पोरांनी घराच्या वाटण्या केल्या, आणि बिचाऱ्या जावयाच्या वाट्याला बाथरूम आलं! ते आल्या पावली मागे फिरले. फळांची पिशवी तेवढी हलकेच उंबऱ्यात ठेवली.

दोन मिनिटांनी शेजारच्या काकू धावत आल्या. "अगं, तुझे बाबा जिना उतरून गेले! डोळे पुसत होते गं! भांडलात की काय तुम्ही?"

बायकोने फळांची पिशवी पाहिली आणि ती पांढरीफटक पडली. मिस्त्री ताट बादलीवर ठेवून तसाच अनवाणी सुटला. मनगटात चिकटपट्टीचं रीळ अडकलेलं, हाताला आमटी!

बाबा बस-स्टॉपवर सापडले. कपड्यांची पिशवी मांडीवर घेऊन ताठ बसले होते. मिस्त्रीला पाहून त्यांनी हात जोडले.

"जावईबापू, माझ्यामुळे तुमच्या संसारात वाटण्या नकोत. मला माझी खोली आहे. स्टुलावर आता जपून चढेन."

"बाबा, वाटण्या नाहीत हो! ती बँक आहे!"

"बाथरूममध्ये?"

"नाही! बाथरूम सोडून सगळीकडे!"

रांगेतले लोक वळून बघायला लागले. पण मिस्त्रीला आता लाजायला वेळ नव्हता. तो स्टॉपच्या फरसबंदीवर गुडघे टेकून बसला आणि पट्ट्या चिकटवत सगळं सांगू लागला. हे समजा घर. एवढ्याचं कर्ज घेतलं. फेडायचं हे एवढं, पार त्या खांबापर्यंत! चार वर्षं भरून आपलं झालं हे एवढंसं.

"माझ्या कर्जाला सहा वर्षं झालीत," रांगेतला एक जण वाकून म्हणाला. "माझं किती झालं असेल?"

"वर्षं किती घेतलीत?"

"तीस."

"अरेरे! तुमचं बाथरूम तरी झालं असेल की नाही, शंका आहे!"

तो माणूस मटकन बाकावर बसला. मग ज्याला त्याला आपलं घर मोजून हवं झालं. एक बाई आपल्या स्वयंपाकघराची चौकशी करू लागल्या. एवढ्यात बस आली, पण चढायला कुणी हलेना. कंडक्टर ओरडून दमला, खाली उतरला, आणि पट्ट्यांकडे बघता बघता म्हणाला, "वीस वर्षांचं असेल तर कसं?"

बाबा मात्र दुकानदाराचं वजन हातात घेऊन बघावं, तसे जावयाकडे बघत होते.

"एक मिनिट," ते अखेर म्हणाले. "म्हणजे ते घर तुमचं नाही?"

मिस्त्रीने मान खाली घातली. ज्यांच्यापुढे छाती फुगवायची होती, त्यांच्यापुढे, भर रस्त्यात, एवढ्या लोकांसमक्ष! "नाही बाबा."

"बाथरूम सोडून?"

"आणि बाहेरची पाव फरशी."

"बाकीचं सगळं बँकेचं? अजून एकवीस वर्षं?"

"हो."

बाबा ताडकन उठले. "अहो, मग हे आधी सांगता येत नव्हतं का? जावयाच्या घरात राहायचं नाही म्हणून मी तीन वर्षं त्या खोलीत एकटा भिंतीशी बोलत बसलोय! बँक काय माझी जावई लागते? बँकेच्या घरात राहायला मला कसली लाज?"

तेवढ्यात लेक नवऱ्याच्या चपला हातात घेऊन धापा टाकत पोचली. तिने बाबांचे शब्द ऐकले आणि भर रस्त्यात त्यांच्या गळ्यात पडून ओक्साबोक्शी रडली. "वेडी गं वेडी," म्हणत बाबा तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिले, पण त्यांचाही आवाज धड नव्हता. मिस्त्रीने आमटीच्या हातानेच डोळे पुसले आणि मग आणखीच रडला, कारण आमटी तिखट होती.

बाबा राहायला आले. पण काटा तो काटाच! खोलीचं भाडं भरत होते तेवढे पैसे ते आता दर महिन्याला बँकेत भरतात. घर बँकेचं, तेव्हा भाडंही बँकेलाच. काउंटरवरच्या बाईंनी सांगितलं की हप्त्यावर एवढी भर पडत राहिली, तर कर्ज सात वर्षं आधी फिटेल. जादा भरलेलं व्याजात जात नाही, थेट कर्जालाच भिडतं. मिस्त्रीला तिथल्या तिथे नाचावंसं वाटलं. बाबांचा चेहरा मात्र पडला.

"म्हणजे चौदा वर्षांत घर तुमचं होणार? मग मला निघावं लागेल."

"बाबा, तेव्हा तुम्ही शहाऐंशीचे असाल!"

"तरी पण. जरा बेताने भरू या."

रोज सकाळी ते टॉवेल खांद्यावर टाकून बाथरूमच्या दाराशी थांबतात आणि विचारतात, "जावईबापू, येऊ का तुमच्याकडे?" आंघोळ करून बाहेर पडतात ते आभार मानून. लेकीला गाढ झोप लागते. दुकानात ज्याचा चष्मा त्यालाच मिळतो.

परवा दुपारी बाबा आतल्या खोलीत वामकुक्षी घेत होते. मिस्त्री बाहेर बायकोला कांदे निवडू लागत होता. ती अगदी हळू आवाजात म्हणाली, "अहो, घर घेताना आपण पदरचे पैसे भरले होते ना?"

"कुठले?"

"असं काय करता? किमतीचा पाचवा हिस्सा आपण रोख भरला. माझी भिशी मोडली, तुमची मोटारसायकल विकली. बँकेचं कर्ज फक्त उरलेल्याचं. तुम्ही पट्ट्या चिकटवताना ते धरलंच नाही."

मिस्त्रीच्या हातातला कांदा गळून पडला. दीडशेचा पाचवा हिस्सा, तीस फरश्या. तीस! म्हणजे पहिल्या दिवसापासून ती तीस फरश्यांची आतली खोली आपली होती! बाबांची खाट होती तीच खोली! आनंदाने त्याचं तोंड उघडलं, आणि मग त्याला आतलं घोरणं ऐकू आलं.

"तुला हे कधी आठवलं?" त्याने कुजबुजत विचारलं.

"बस-स्टॉपवरच."

"मग बोलली का नाहीस?"

तिने आतल्या खोलीच्या दाराकडे बोट दाखवलं. मिस्त्रीने मुकाट्याने कांदा उचलला.

आतलं घोरणं थांबलं. "जावईबापू," बाबांचा आवाज आला, "कसली कुजबुज चाललीय?"

"काही नाही बाबा!" ज्याने गावभर घराच्या बढाया मारल्या होत्या, तो मिस्त्री घाईघाईने ओरडला, "तुम्ही निवांत झोपा! आपलं इथे काहीसुद्धा नाही!"