उलटा फोटो, सुलटा पुतळा

"एकच फोटो आहे आणि तोही असला!" असं पुटपुटत पैलवानाच्या बायकोनं कपाटातल्या चादरींखालून एक पिवळं पडलेलं पाकीट ओढून काढलं.

क्रीडा मंडळाचं पत्र सकाळीच आलं होतं. गावातून ऑलिंपिकला गेलेला एकमेव खेळाडू म्हणून स्टेडियमच्या फाटकाशी पैलवानाचा पुतळा उभारायचं मंडळानं ठरवलं होतं आणि त्यासाठी ऑलिंपिकमध्ये प्रत्यक्ष कुस्ती खेळतानाचा फोटो मागवला होता. फोटोत दोन माणसं होती. एक होता त्या काळचा फ्रीस्टाइलचा जगज्जेता. त्यानं मागून कमरेला मिठी घालून दुसऱ्याला उचललं होतं आणि आता डोक्यावरून पलीकडे फेकायच्या बेतात होता. दुसरा म्हणजे आपला पैलवान. डोकं खाली, पाय वर, दोन्ही हात खाली पसरलेले आणि तोंडाचा मोठा आ. तो फोटो जगभर छापून आला होता. खाली जगज्जेत्याचं नाव होतं आणि त्यापुढे 'व प्रतिस्पर्धी' एवढंच.

"हा नको गं देऊ या," पैलवान म्हणाला.

"मग दुसरा कुठून आणू? होतात किती वेळ तुम्ही त्या ऑलिंपिकात?"

"अठ्ठेचाळीस सेकंद."

"एवढ्यात काय अल्बम निघणार आहे?"

खरं होतं. पैलवानाची सगळी कारकीर्द म्हणजे ती एक कुस्ती. गेला, चितपट झाला, परत आला आणि पाणीपुरवठा खात्यात मीटर रीडर म्हणून चिकटला. त्याला पस्तीस वर्षं झाली. सुरुवातीला घरोघरी मीटर बघता बघता तो हौसेनं सांगायचा, "मी ऑलिंपिकला गेलो होतो." लोक म्हणायचे, "हो का? मी परवाच चंद्रावरून आलो." पुढे पुढे सगळी वस्ती त्याला थापाड्या पैलवान म्हणायला लागली. हे त्याला फार लागायचं. कारण या माणसानं आयुष्यात एकही थाप मारली नव्हती. सख्ख्या मेहुण्याच्या मीटरवरचा एक आकडासुद्धा त्यानं कधी कमी लिहिला नव्हता, आणि त्यापायी मेहुणा आजतागायत त्याच्याशी बोलत नव्हता. तीन महिन्यांनी नोकरी संपणार होती. त्याआधी निदान तो एक शब्द लोकांनी मागे घ्यावा, एवढीच त्याची इच्छा होती.

"पुतळा झाला की सगळ्यांची तोंडं आपोआप बंद होतील," बायको म्हणाली. मग काय, तो फोटो घेऊन मंडळात गेला.

मंडळाचे सचिव गोदाम खात्यातून बढतीवर आलेले. कुस्तीतलं त्यांना ओ की ठो कळत नव्हतं, पण नियम सगळे तोंडपाठ.

"यात दोघं आहेत," ते म्हणाले.

"एक मी."

"कुठला?"

"उलटा."

"हं. म्हणजे हा सरळ उभा आहे तो परदेशी. निधी एकाच पुतळ्याचा मंजूर आहे, पैलवान. आणि परक्या माणसाचा पुतळा आपण का म्हणून उभारायचा? त्याचा त्याच्या देशाला उभारू दे. त्याला वगळू."

"पण साहेब, त्यानं धरलं नाही तर मी हवेत राहीन कसा?"

"ती तांत्रिक बाब आहे. शिल्पकार बघतील."

शिल्पकारानं बघितलं आणि काही बदल करू का, असं पत्रानं विचारलं. 'फोटोप्रमाणे करावे' असं उत्तर आल्यावर त्यानं इमानदारीत फोटोप्रमाणे केलं. अकरा फुटी पैलवान तयार झाला. बाहेर आलेले डोळे, पसरलेले हात आणि जमिनीकडे लोंबणारे केससुद्धा त्यात आले. ट्रकमध्ये आडवा घालून तो स्टेडियमवर आणला, तेव्हा शिल्पकार तापानं फणफणून घरी पडला होता. चौथऱ्यावर होता एकटा गवंडी.

"साहेब, याला डोक्यावर उभा करायचा की पायावर?" गवंड्यानं फोनवर विचारलं.

"शुद्धीवर आहेस ना? माणूस कशावर उभा राहतो?" सचिव कडाडले.

गवंड्यानं पैलवानाला पायावर उभा केला. आणि काय सांगावं महाराजा! जे हात खाली लोंबत होते ते आभाळात गेले. भीतीनं वासलेलं तोंड विजयाची आरोळी ठोकायला लागलं. छाती पुढे आली. केस तेवढे ताठ उभे राहिले होते, पण अंगात जोश असला की केसही उभे राहतात, असं सचिवांनी सगळ्यांना समजावून सांगितलं.

अनावरणाच्या दिवशी अध्यक्षांनी पडदा ओढला, मान वर करून पुतळा पाहिला आणि त्यांना भरूनच आलं. "काय तो विजयाचा क्षण!" ते माईकवर ओरडले. "पदक जिंकूनही हा माणूस पस्तीस वर्षं मुकाट्यानं मीटर वाचत राहिला!" टाळ्यांचा नुसता कडकडाट झाला.

पैलवानानं माईक ओढून घेतला. "अहो, मी हरलो होतो! अठ्ठेचाळीस सेकंदांत!"

मग पहिल्यापेक्षा दुप्पट टाळ्या पडल्या. "ही खरी नम्रता," असं म्हणत अध्यक्षांनी रुमाल डोळ्यांना लावला.

दुसऱ्या दिवसापासून वस्ती बदलली. ज्या घरात त्याला बघून कुत्रं सोडायचे, तिथे त्याला बसायला खुर्ची मिळायला लागली. मेहुणा स्वतःहून घरी आला. पैलवान दारोदार सांगत सुटला, "मी हरलोय हो!" पण कोणी ऐकेल तर शपथ. आपण खरं बोलत असताना लोकांनी खोटं ठरवलं आणि आता त्यांचं खोटं आपल्याला खोडता येत नाही, याचा त्याला भयंकर संताप यायचा. खुर्चीत बसायला मात्र बरं वाटायचं, हेही त्यानं बायकोजवळ कबूल केलं.

महिनाभर असं सुखानं चाललं आणि मंडळाचं दुसरं पत्र आलं. ऑलिंपिकचं पदक ही राष्ट्रीय ठेव असल्यानं ते मंडळाच्या संग्रहालयात जमा करावं. तसं न केल्यास ते परस्पर विकल्याचा संशय धरून चौकशी करण्यात येईल.

ही बातमी वस्तीत पसरायला कितीसा वेळ लागणार? संध्याकाळपर्यंत खुर्च्या आत गेल्या. "पदक विकून खाल्लं म्हणे," मेहुण्यानं चारचौघांत सांगितलं. काल नाइलाजानं झालेला हिरो आज चोर ठरला. पैलवानानं रात्र तळमळत काढली आणि सकाळी बायको आणि फोटो दोघांना घेऊन थेट सचिवांचं टेबल गाठलं.

"साहेब, पदक नाही, कारण मी हरलो. हा घ्या पुरावा."

सचिवांनी फोटो हातात घेतला, पाहिला आणि अलगद फिरवून उलटा धरला. "अहो, यात तर तुम्ही सरळसरळ उभे आहात. आणि तुमच्या कमरेला हा कोण लटकलाय, खाली डोकं वर पाय?"

"तो जगज्जेता! साहेब, तुम्ही फोटो उलटा धरलाय."

"पैलवान, मंडळानं सभेत ठराव करून पुतळा उभारलाय. आता फोटो पुतळ्याप्रमाणे धरायचा की पुतळा फोटोप्रमाणे?" सचिवांनी खुर्ची पुढे ओढून आवाज खाली आणला. "बरं, समजा, लिहिलं मी की तुम्ही हरलात. मग पुतळा उतरवावा लागेल. लोक काय म्हणतील? ऑलिंपिक बिलिंपिक सगळी थापच होती. चालेल?"

पस्तीस वर्षं पैलवानाच्या डोळ्यांसमोरून गेली.

"दुसरा मार्ग?" त्याच्या बायकोनं विचारलं.

"पदक गहाळ झाल्याचा अर्ज. मंडळ त्याच्या बदली नवीन पदक करून देतं. ते आम्ही जमा करून घेतो. फाइल बंद."

बायकोनं टेबलावरचा फोटो उचलून सचिवांनी धरला होता तसाच धरला आणि बराच वेळ पाहत राहिली. "अहो, असं बघितलं की किती रुबाबदार दिसता तुम्ही," ती हळूच म्हणाली. पैलवानानंही वाकून पाहिलं. स्वतःला त्या बाजूनं त्यानं कधी पाहिलंच नव्हतं. त्यानं मुकाट्यानं पेन उचललं.

अर्ज भरून घेता घेता सचिवांनी विचारलं, "कोणतं पदक होतं? सुवर्ण, रौप्य की कांस्य?"

पैलवान घुटमळला. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. उभ्या आयुष्यात न केलेली गोष्ट करायची होती आणि ती करतानाही त्याचा जीव मोठं बोलायला धजेना. जमिनीकडे बघत तो म्हणाला, "कांस्य."

टेबलाखालून बायकोनं त्याला करकचून चिमटा काढला. "एवीतेवी थाप मारायचीच होती," ती दात ओठ खात कुजबुजली, "तर निदान रौप्यपदकाची तरी मारायची!"