सुतळीनं माणसं मोजणाऱ्या मंदाताई

मंदाताई माणसाचं नाव नंतर विचारतात. आधी त्याची उंची मोजतात, तीही सुतळीनं. टाचेपासून डोक्यापर्यंत सुतळी ताणायची, कापायची, नावाची चिठ्ठी बांधून पिशवीत टाकायची. मंगरूळपीरच्या आमच्या वेल्डिंगच्या दुकानात त्या लोखंडी चौकटी सांगायला आल्या, आणि मी "काय पाहिजे?" म्हणेपर्यंत माझ्या पायाशी बसल्यासुद्धा. पंचावन्न वर्षांची बाई पायाशी! मी घाबरून स्टुलावर चढलो.

"उतर बापा," त्या म्हणाल्या. "स्टुलासकट मोजू काय तुले?"

ताई कलावंत आहेत. नागपुरात शिकल्या, परदेशात कामं मांडून आल्या. पण चित्रं काढत नाहीत. लोकांना गोळा करतात आणि त्यांच्याच हातून काहीतरी उभं करून घेतात. त्याला इन्स्टॉलेशन म्हणतात, हे मला त्यांनीच शिकवलं. गल्लीत मात्र 'ताईचा कारभार' म्हणतात. कुणी लांबून बघत राहिला की ताई ओरडल्याच, "नुसता पाहू नको, हात लाव!"

यंदाचा कारभार असा, की रिकाम्या गोदामात गल्लीतल्या प्रत्येकाच्या उंचीची सुतळी टांगायची. एका घराला एक बांबू, आमच्या लोखंडी चौकटींवर आडवा बांधलेला. शेजारच्या गोदाआजी काही माप देईनात.

"माही तिरडी बांधून राह्यली काय वं?"

"तिरडीले टाइम हाये, आजी. तवर तुमी आखूड व्हान, मंग पुन्हा मोजा लागन."

आजी हसत हसत उभ्या राहिल्या.

मला वेगळीच काळजी. मी गुहागरकडचा. आठवीत शाळा सोडली, शेडच्या ठेकेदारामागून इकडे आलो. ठेकेदार गेला, मी राहिलो, दुकानाच्या मागच्या खोलीत. इथं बांबू घरांचे होते, मग माझी सुतळी कुठं? सगळ्यांच्या टांगल्या गेल्या, माझी अजून पिशवीतच. विचारायची हिंमत होईना.

ताईंचं काम बघायला नागपूरचे पाहुणे यायच्या आदल्या दिवशी गोदाम उघडं राहिलं. इथल्या बायांना दर्ग्यात नवसाचा दोरा बांधायची सवय. इतके दोरे लोंबताना पाहून त्यांनी प्रत्येकाला गाठी मारल्या. कुणी पोरीच्या लग्नासाठी, कुणी सोयाबीनसाठी. संध्याकाळपर्यंत अख्खी गल्ली वीतभर बुटकी झाली! मला घाम फुटला. ताई टाळ्या वाजवत होत्या. "आता झालं काम! म्या येकटीनं हे केलं असतं काय?"

सकाळी मी चौकटी घट्ट करायला गेलो. दाराजवळच्या शेवटच्या बांबूला एकच सुतळी होती. चिठ्ठीवर 'मंदा'. ताई शिडीवर चढून तिच्या शेजारी माझी बांधत होत्या.

"ताई, हा तर तुमच्या घरचा बांबू."

"मंग?" त्यांनी खाली पाहिलं नाही. "येकटी सुतळी वाऱ्यानं लई फिरते. आठ दिस झाले, पाहून राह्यली मी. बाजूले कोनी असलं का थांबते जरा."

मी शिडी धरून उभा राहिलो.

पाहुणे आले. ताई एकेका बांबूपाशी थांबून कुणाचं घर ते सांगत होत्या. शेवटच्यापाशी म्हणाल्या, "हे आमचं." आणि पाहुण्यांसाठी पाणी आणायला मला पिटाळलं, घरातल्याला पिटाळतात तसं.