अण्णांच्या ओळखीची घरं

नागेशअण्णा आम्हाला मशीद दाखवत नाहीत. ते मशिदीला आम्हाला दाखवतात.

पहिल्या रविवारी मला हे ठाऊक नव्हतं. बंगळुरात, बनशंकरीतल्या आमच्या इमारतीत लिफ्टजवळ त्यांनी एक कागद चिकटवला होता : 'शहरातल्या जुन्या मशिदी, दर्गे आणि चर्चं. रविवारी सकाळी. माहितगार सोबत. फुकट.' फुकट हा शब्द वाचून मी गेलो, हे आधीच सांगून टाकतो. आम्ही पाच-सहा जण मार्केटच्या मागच्या गल्ल्यांतून तारामंडलपेठेतल्या दगडी मशिदीपाशी पोचलो. मी वही-पेन घेऊन उभा. आता बांधणारा कोण, कमानी कुठल्या शैलीच्या, असं काहीतरी येणार. अण्णांनी चपला काढल्या, रुमालानं कपाळ पुसलं, आमच्याकडे पाठ केली आणि मशिदीला म्हणाले, "हे पुणेकर. आमच्या वरच्या मजल्यावर असतात. कॉम्प्युटरमध्ये आहेत. बायको आणि मुलगा पुण्याला, हे इथं एकटे. पित्ताचा त्रास आहे. स्वभाव स्वल्प भिडस्त, पण माणूस वाईट नाही."

मग मागे वळून त्यांनी मला डोळ्यांनी खूण केली. म्हणजे आता मी काहीतरी बोलायचं होतं.

हे मी आजवर बायकोलाही सांगितलेलं नाही. मी मशिदीला नमस्कार केला आणि म्हणालो, "भेटून बरं वाटलं."

आमच्यात नागपूरचं एक जोडपं होतं, बंगळुरात नवीनच आलेलं. त्यातल्या बाईंनी विचारलं, "काका, किती वर्षं जुनी आहे हो ही?" अण्णांनी त्यांना हाताला धरून चार पावलं बाजूला नेलं आणि हळू आवाजात म्हणाले, "अक्का, पहिल्याच भेटीत वय विचारता? तीन-चार वेळा येणं-जाणं होऊ द्या. ते आपणहून कळतं."

अण्णांना कळून चुकलेलं होतं की जुन्या इमारती म्हणजे नातेवाईक, आणि नातेवाईक म्हटलं की मानपान आला. मागच्या रविवारी चर्चकडे आधी गेलो असू तर ह्या रविवारी मान मशिदीचा. एकदा पावसामुळे रिक्षावाल्यानं आम्हाला दुसऱ्याच बाजूला उतरवलं आणि ओळीनं दोन रविवार चर्च पहिलं झालं. अण्णा मशिदीच्या दारात ओशाळून उभे राहिले. "रिक्षावाला नवीन होता," एवढंच म्हणाले.

इथल्या शिवाजीनगरच्या चर्चमधली मेरीमाता साडी नेसते. तिथं अण्णांचा नियम होता की बायकांनी आधी साडीचं कौतुक करायचं आणि मग इकडं-तिकडं बघायचं. "नुसतं खांब बघत आत शिरलात तर काय म्हणतील? आलेल्या बाईला साडी दिसली नाही?" नागपूरच्या बाईंनी मनापासून काठ-पदराची तारीफ केली. अण्णा खूश झाले. बाईंच्या नवऱ्याला मात्र, बायकांच्या बोलण्यात मध्ये उभं राहू नये म्हणून, बाहेर पाठवण्यात आलं. त्याचं चर्च बघायचं अजून राहिलं आहे.

महात्मा गांधी रस्त्याकडच्या घुमटाच्या चर्चला जायच्या आधी वेगळी तंबी. "हे स्वल्प इंग्रजी वळणाचे आहेत. शर्ट आत खोचा. मोठ्यानं हसायचं नाही. आणि छताचा विषय काढायचा नाही."

"का हो, अण्णा?"

"घुमट एकदा पडलेला आहे," अण्णा कुजबुजले. "फार जुनी गोष्ट. पण मनाला लागतं हो."

आम्ही सगळे आत जाऊन, मान खाली घालून, फरशी बघून आलो.

निघताना 'जातो' म्हणायचं नाही, 'येतो' म्हणायचं. कुणाच्याही घरून रिकाम्या तोंडानं निघायचं नाही, म्हणून प्रत्येक ठिकाणी खडीसाखर. ती अण्णा स्वतःच्याच खिशातून काढत, पण देताना म्हणत, "घ्या, त्यांनी दिलीय."

हे सगळं ऐकून तुम्हाला वाटेल की म्हातारा चळला आहे. तसं नाही. बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात अण्णांनी अख्खी नोकरी तपासणी खात्यात काढली. केसाएवढी चीर त्यांना उघड्या डोळ्यांनी दिसायची म्हणे. त्यांचे पूर्वज साडेतीनशे वर्षांपूर्वी फौजेबरोबर इकडं आले. "लढाई संपली की परत जायचं होतं," अण्णा सांगतात, "पण निघू, निघू करता राहिलं." त्यामुळं त्यांची मराठी आमच्या पुण्यातल्या लोकांना गंमतशीर वाटते, आणि आमची मराठी त्यांना भांडल्यासारखी वाटते.

एकदा मी धीर करून विचारलं, "अण्णा, मशिदी आणि चर्चंच का? देवळं का नाहीत?"

"देवळात मी रोजच जातो की. ते घरचं. पाहुणा म्हणून जायला बोलावणं लागतं." आणि त्यांनी बोट वर केलं. "मशिदीतून दिवसातून पाच वेळा बोलावतात. चर्चची घंटा वाजते. एवढं आग्रहानं मला दुसरं कोण बोलावतं, सांगा?"

"पण अण्णा, ते प्रार्थनेसाठी असतं. हजारो लोक जातात तिथं."

"ते देवाकडे जातात हो. इमारतीकडे कोण जातं?"

बोलावणं हा अण्णांचा कळीचा मुद्दा. इमारतीत राहायला आल्यावर मी त्यांना म्हटलं होतं, "केव्हाही या चहाला." दोन वर्षं ते आले नाहीत. मला अपराधी वाटत राहिलं. मला लिफ्टचं दार कुणाच्या तोंडावर बंद झालं तरी दिवसभर अपराधी वाटतं. शेवटी मी विचारलंच. अण्णा म्हणाले, "तुम्ही बोलावलंच नाही. 'केव्हाही या' म्हणजे दार ओढून घेणं झालं. अमक्या वारी, अमक्या वेळेला या, असं म्हटलं म्हणजे बोलावणं." मी म्हटलं, "गुरुवारी पाच वाजता या." पाचला बेल वाजली. अण्णा इस्त्रीचा शर्ट घालून, दोन केळी आणि फुलाची पुडी घेऊन दारात उभे होते.

तर अशा ह्या अण्णांची मुलगी वैजू गेल्या डिसेंबरात पुण्याहून आली. अण्णांची बायको जाऊन चार वर्षं झालेली. त्यांना कायमचं पुण्याला न्यायचं की इथं एकटं राहू द्यायचं, हे ठरवायला ती आली होती. पण हे तिनं अण्णांना सांगितलं नव्हतं, मला सांगितलं. जिन्यात गाठून म्हणाली, "दादा, तुम्ही रोज बघता त्यांना. स्पष्ट सांगा. येतील का ते माझ्याकडे?"

मी आयुष्यात ठाम असं फार कमी बोललो आहे. त्या दिवशी बोललो. "अण्णा? छे! हे शहर सोडून ते कुठंही जाणार नाहीत. तुम्ही विचारूच नका, उगाच दुखावतील." ह्यातलं निम्मं मला खरंच वाटत होतं. उरलेलं निम्मं असं, की अण्णा गेले तर माझ्या रविवारांचं काय, हा विचार माझ्या डोक्यात आधी आला होता. माझी ओळख एवढ्या मोठ्या शहरात कुणी करून दिली असेल तर ती त्यांनी, आणि तीही मशिदीला.

वैजू म्हणाली, "मलाही तसंच वाटलं. मी किती वेळा म्हटलं, अण्णा, तुमचंच घर आहे, केव्हाही या. ते नुसतं 'सरी, सरी, बरं' म्हणतात आणि फोन ठेवतात."

हे ऐकून माझ्या डोक्यात काहीतरी पेटायला हवं होतं. पेटलं नाही.

त्या रविवारी वैजू आमच्याबरोबर आली. नागपूरचं जोडपंही होतं. नवऱ्याला ह्या वेळी तरी चर्च बघायचं होतं. अण्णांनी मशिदीला सगळ्यांची पुन्हा ओळख करून दिली. नागपूरच्या बाईंची बदली होणार होती, तेही सांगितलं. माझं पित्त जरा बरं आहे, हे सांगितलं. वैजूचं नाव काही घेतलं नाही. शिवाजीनगरला तिनं मेरीमातेच्या साडीचं कौतुक केलं, निळ्या रंगाबद्दल बोलली, तरी अण्णा गप्प. घुमटाच्या चर्चात तर ते तिच्याकडे न बघता पुढं निघून गेले. बाहेर फुटपाथवर तिनं मला विचारलं, "मी आलेलं त्यांना आवडलं नाही का, दादा?" तिचे डोळे भरले होते. मी म्हटलं, "ऊन फार आहे आज." मला भिडस्त म्हणतात ते उगाच नाही.

शेवटचं ठिकाण कॉटनपेटचा दर्गा. अण्णांचा अतिशय आवडता, कारण करग्याच्या, म्हणजे इथल्या जुन्या जत्रेच्या, रात्री देवीची मिरवणूक दरवर्षी तिथं येऊन थांबते. "बघा," ते नेहमी म्हणतात, "देवीसुद्धा जाते. जुनं बोलावणं आहे ते." तिथले मुजावर करीमचाचा फुलांच्या टोपल्या सारून बाहेर आले. त्यांनी वैजूकडे बघितलं, अण्णांकडे बघितलं, आणि टाळीच वाजवली.

"अण्णा, यइच क्या वैजू?"

"हौ," अण्णा खालच्या मानेनं म्हणाले.

"अरे बेटा, बच्चे के हाथ का प्लास्टर निकल्या क्या? और वो नया मकान? अण्णा हर हफ्ते आको दीवार को सब बोलते. मैं बाजू में बैठ को सुनता."

वैजू अण्णांकडे बघत राहिली. फोनवर दोन वाक्यांच्या वर न बोलणारा माणूस. नागपूरच्या बाईंनी हळूच विचारलं, "काका, मग तुम्ही आज हिची ओळख का नाही करून दिली?"

"हिची कशाला?" अण्णा वैतागून म्हणाले. "घरच्या माणसाची ओळख करून देतात का? त्यांना सगळं ठाऊक आहे. हिचा आवाजसुद्धा मी ऐकवलाय फोनवर."

करीमचाचा थांबणाऱ्यांतले नव्हते. "तो आज बुलाने आए क्या बेटा? ये तो कब से बोल रै. बेटी बुलाई तो पूना जाना है, बोल को. मैं बोला, तुमिच जाओ ना. नै बोलते. बेटी का घर है, बिन बुलाए कैसा जाना?"

आता अण्णा करीमचाचांच्या टोपलीतली फुलं उगाच सरळ करू लागले. "गप हो, करीम," ते म्हणाले, "लोक उन्हात उभे आहेत."

"अण्णा," वैजू म्हणाली, "मी इतक्या वेळा म्हटलं, केव्हाही या..."

"म्हणालीस की."

ती माझ्याकडे वळली. मी दर्ग्याच्या मिनाराकडे बघत होतो. तेवढा बारकाईनं तो मी पूर्वी कधीच बघितला नव्हता. पण एखाद्या वेळी माणसाच्या तोंडून खरं निघतं. मी म्हणालो, "वार सांगा, वैजूताई. वार आणि वेळ."

तिला क्षणभर कळलं नाही. मग कळलं. तिनं डोक्यावरची ओढणी नीट केली, अण्णांच्या समोर जाऊन उभी राहिली आणि एखाद्या लग्नाचं बोलावणं करावं तसं म्हणाली, "अण्णा, येत्या शुक्रवारी संध्याकाळी सातच्या गाडीनं माझ्याबरोबर पुण्याला चला. राहायला. मी न्यायला आलेय."

अण्णांनी हातातलं फूल टोपलीत नीट ठेवलं. मग त्यांनी विचारलं, "तुझ्या घराजवळ काय आहे?"

"मॉल आहे, अण्णा."

"किती जुना?"

"दहाएक वर्षांचा असेल."

"लहान आहे अजून," अण्णा म्हणाले. "त्याच्याशी काय बोलणार? तरी बघू."

आणि आम्हाला बाहेर थांबायला सांगून ते एकटेच दर्ग्यात गेले. उघड्या दारातून ते दिसत होते. एका खांबापाशी उभे राहिले. आता फार मोठं भाषण होणार म्हणून नागपूरच्या बाईंनी सावली शोधली. पण अण्णांचे ओठ हलत नव्हते. ते खांबावरून तळहात फिरवत होते, वरून खाली, पुन्हा वरून खाली, तापलेल्या मुलाच्या पाठीवरून फिरवावा तसा.

"क्या बोल रै?" आतून हारांचा गठ्ठा घेऊन येणाऱ्या माणसाला करीमचाचांनी विचारलं.

"कुछ नै बोल रै, चाचा," तो म्हणाला. "बस खडे हैं."