पुरावा म्हणून अंबाडी

आमच्या जैनथ गावच्या महादूभाऊंना चहात साखर कमी लागली, तरी ते हॉटेलवाल्याला सुनावतात, "मिसलीत लिवा!" मिसल म्हणजे कोर्टाची फाईल. शब्द निजामाच्या काळातला, पण यांच्या तोंडी अजून ताजा आहे. त्यांच्या कोंबड्यांनी माझं अंगण उकरलं म्हणून मी ओरडलो, की कुंपणापलीकडून शांतपणे विचारतात, "मास्तर, साक्षीदार हाये का?"

भाजीपाला पिकवणारा हा एकटा माणूस कोर्टाच्या नादी लागला तो सख्ख्या बहिणीपायी. कौतिकाबाई बेल्लमपल्लीला दिलेली, नवरा कोळशाच्या खाणीत होता. आई गेल्यावर तिनं वडिलांच्या शेतात वाटा मागितला. महादूभाऊंचं डोकं फिरलं. त्यांनी तिला दिवाळीला न्यायला जाणं बंद केलं. आमच्याकडे भाऊ न्यायला आल्याशिवाय बहीण माहेरी येत नाही. तीही हट्टाची, आली नाही. तिनं दावा लावला, जिंकला आणि यांनी आदिलाबादला अपील ठोकलं.

अपिलात पक्षकारांनी यायची गरज नसते, हे त्यांच्या वकीलबाईंनी परोपरीनं सांगून पाहिलं. पण महादूभाऊ एकही पेशी, म्हणजे कोर्टाची तारीख, चुकवत नसत. धुतलेलं धोतर नेसून सकाळीच माझ्या दारात उभे. "शिकलेला मानूस संगं असला म्हंजे वजन पडते," म्हणायचे. वजन कसलं, बसमध्ये त्यांचा डबा सांभाळायला मी! तिकडून कौतिकाबाईही न चुकता हजर.

दुपारी कोर्टाच्या आवारातल्या कडुलिंबाखाली दोघं एकमेकांकडे पाठ करून बसायचे. मग महादूभाऊ डबा उघडून मोठ्यानं मला सांगायचे, "वादातल्या शेतातली अंबाडी हाये. पुरावा हाये. विरुद्ध पार्टीनं तपासून घ्यावा." विरुद्ध पार्टी भाकरीसकट पुरावा फस्त करायची.

"मीठ कमी हाये."

"मिसलीत लिवा!" महादूभाऊ खूश.

मला हसू यायचं आणि रागही यायचा. एवढा जीव होता, तर देऊन टाकायचा बाईचा वाटा!

गेल्या पेशीला वकीलबाईंनी त्यांना बाजूला घेतलं. वडिलोपार्जित जमिनीत मुलीला मुलाइतकाच हक्क आहे, हे वरच्या कोर्टानं कधीच ठरवून टाकलंय, म्हणाल्या. "आपलं अपील टिकत नाही, भाऊ. मागं घ्या."

मला वाटलं, आता हे कोर्ट डोक्यावर घेणार. पण ते बाकावर टेकले.

"शेताचं नाई वो, बाई. अर्धं तिचंच हाये, मले का कळत नाई? पन अपील मांगं घेतलं तं तिले कोन बोलावन? इतके साल न्यायले गेलो नाई, आता कोन्त्या तोंडानं जाऊ? पेशी असते म्हून तं दिसते."

वकीलबाईंनी चष्मा पुसून अपील मागं घेण्याचा कागद पुढं केला, त्यांनी सही केली. माझा राग कुठल्या कुठे गेला.

अपील मागं घेतल्याचं कोर्टात नोंदवून झालं. कौतिकाबाई नेहमीसारखी पाठ करून बसली होती. महादूभाऊ वळसा घालून पहिल्यांदाच तिच्यासमोर जाऊन बसले.

"जितली तू, कौतिके. आता पेशी नाई."

ती पदराचं टोक पिळत म्हणाली, "न्यायले कवा येतं?"

"तारीख सांग," महादूभाऊ सवयीनं बोलून गेले.

"दिवाळी हाये ना पुढं. भाऊबीज."

महादूभाऊ माझ्याकडे वळले. "मास्तर..."

मीच म्हटलं, "मिसलीत लिवतो, भाऊ."