सेतुमामांचा एकमेव पिक्चर

सेतुमामांच्या हाती पिशवी सोपवणं सोपं नाही. लोणच्याची बरणी असो की इस्त्रीचे कपडे, ते आधी दोन पावलं मागं सरतात, डावीकडे बघतात, उजवीकडे बघतात आणि खर्जात म्हणतात, "वेंडां!" म्हणजे तमिळमध्ये 'नको'. मग पिशवी हिसकावून जिन्यावरून असे सुटतात, की पोलीसच मागं लागलेत!

चेन्नईजवळ आवडी या गावातल्या आमच्या कॉलनीत मी नवखा होतो तेव्हा चक्क घाबरलो. नंतर कळलं, हा माणूस हीरो आहे!

म्हणजे होता. सेतुमामा तंजावरी मराठी, जन्मभर कारखान्यात कारकुनी केलेले. तरुणपणी ऑफिसातल्या मित्रांनी पदरमोड करून एक तमिळ मारधाडपट काढला. हीरो चेन्नईच्या जॉर्ज टाउन भागातला कुरियरवाला. गुंड त्याच्या गळ्यात चोरीच्या मालाची बॅग मारतात आणि तो 'वेंडां, वेंडां' करत शहरभर पळतो.

"इतकें पळवलें बा मज," मामा सांगतात, "व्हिलनच दमला! सोडा पाजून त्यास उभा केला, मग त्याणें मज मारलें."

गर्दीला माणसं भाड्यानं आणणं परवडेना, म्हणून कॉलनीतलेच लोक उभे केले. त्यांत आमच्या पद्मामामी. त्यांनी छत्री घेऊन फक्त रस्ता ओलांडायचा होता. पण नवऱ्याच्या पाठीत बुक्की बसली आणि मामी शूटिंग विसरल्या. धावत येऊन त्यांनी व्हिलनला छत्रीनं असा बडवला, की तो खरोखरच पळाला. डायरेक्टरनं कपाळ बडवलं. पण पुन्हा घ्यायला फिल्मच उरली नव्हती. सीन तसाच राहिला.

"तीच हीरो," मामा म्हणतात. "मी आपला बॅग धरणारा गडी."

मामी गेल्या वर्षी गेल्या. यंदा पोंगलला कॉलनीच्या हॉलमध्ये तो पिक्चर लावायचं ठरलं. मामांची एकच अट: रिमोट त्यांच्या हाती. छत्रीचा सीन आला आणि आवाज गुल!

"मामा, सौंड! सौंड!" हॉल ओरडला.

मामा माझ्याकडे झुकले. "ही मराठींत ओरडली होती रे. डबिंगास दुसरी बाई बसवली. हिच्या तोंडांत तिचें तमिळ मज ऐकवत नाही." आणि ताडकन उठून, पडद्यावर मामींचे ओठ हलताच, बारीक आवाज काढून किंचाळले, "अय्यो! आमच्यांस कां मारतोस रे, मेल्या!"

हॉल हसून लोळला. शिट्ट्या, टाळ्या, "वन्स मोर!"

मामांनी खुशीत सीन मागे घेतला. मामी पुन्हा छत्री उगारून धावत आल्या. ओठ हलले. मामांचं तोंड उघडलं, पण आवाज फुटला नाही.

मग मामींचं वाक्य मीच ओरडलो, माझ्या पुणेरी उच्चारांत.

मामांनी पडद्यावरची नजर काढली नाही. सीन पुन्हा मागे घेत पुटपुटले, "अय्यो लांबव, बा. ती लांबवायची."